सगुणाबाईचं सातवं गाणं

सगुणाबाईला तडीपार केलं तेव्हा तिचं वय अठ्ठावन्न होतं, दोन्ही गुडघे दुखत होते, आणि तिच्या हातून आयुष्यात कुणाला चापट बसली असेल तर ती तिच्या पोराला, पप्पूला, तीही त्यानं शाळा बुडवली म्हणून. अशा बाईला सरकारी हुकमात काय म्हटलं होतं माहितीय? ‘सार्वजनिक शांततेस धोकादायक इसम.’ हुकूम वाचून दाखवणाऱ्या जमादाराला तिनं तिथल्या तिथं विचारलं, “इसम म्हंजी गडीमाणूस ना रं बाबा? मंग त्याला धाडा की. मला कामून धाडायलात?” जमादार हसला नाही. त्याला तिला अठ्ठेचाळीस तासांत परभणी जिल्ह्याच्या बाहेर काढायचं होतं, दोन वर्षांसाठी.

आता तडीपारी कुणाची होते हे काय कुणाला सांगायला पाहिजे? चाकू चालवणाऱ्याची, गुत्ता चालवणाऱ्याची, बाजारात हप्ता उकळणाऱ्याची. पण ज्या भागात वाळूचे ट्रक भर दुपारी, भर रस्त्यानं, हॉर्न वाजवत जातात आणि कुणाला म्हणून दिसत नाहीत, त्याच भागात कापूस वेचणाऱ्या एका बाईची गाणी मात्र सगळ्यांना बरोबर ऐकू गेली. काय म्हणावं या कानांना!

सगुणाबाई मूळची गंगाखेडकडची. बाप कलापथकात गायचा. सायकलच्या कॅरिअरला पेटी बांधून गावोगाव फिरायचा, बाबासाहेबांची गाणी म्हणायचा आणि घरी आला की पोरीला समोर बसवून ओळी जुळवायला लावायचा. शाळा चौथीपर्यंतच झाली, पण ओळ कुठं सांडली आणि कुठं भरली हे तिला तेव्हापासून कळायचं. बापाचा एक नियम होता. गाणं ज्यानं बांधलं त्यानं शेवटच्या कडव्यात आपलं नाव घालायचं. मिरवायला नाही. उद्या कुणी दारात येऊन विचारलं, हे कोण बोललं, तर तोंड लपवायला जागा राहू नये म्हणून. “नाव घालायची हिंमत नसंल तर गाणं बांधू नगं,” असं तो म्हणायचा.

लग्न होऊन ती सेलू तालुक्यातल्या पांढरखेडीला आली. नवरा भगवानराव सेलूच्या कापूस बाजारात हमाली करायचा आणि ढोलकी वाजवायचा. ढोलकी अशी, की बारशाला असो नाहीतर जयंतीला, लोक आधी विचारायचे, भगवानराव हायत का? बायकोच्या गाण्याचं त्याला कौतुक होतं, पण तोंडावर कधी केलं नाही. ती नवं गाणं म्हणायला लागली की तो डोळे मिटून मांडीवर बोटं वाजवायचा आणि मध्येच थांबून म्हणायचा, “तिसरी ओळ लंगडायलीय.” मग ही दोन दिवस फुगून बसायची, कोरड्यास अळणी करायची आणि तिसऱ्या दिवशी गुपचूप ओळ दुरुस्त करायची. चाळीस वर्षांचा संसार असाच झाला.

पांढरखेडीला ऐंशी एकर गायरान आहे. खालच्या अंगाला सगुणाबाईच्या सासऱ्यापासून बौद्धवाड्यातली घरं दोन-दोन एकर कसतात. वरच्या माळावर धनगरांची मेंढरं-शेळ्या चरतात. शेळ्या पिकात आल्या की सगुणाबाई आणि वरची बानूबाई बांधाच्या दोन्हीकडून एकमेकींच्या सात पिढ्यांचा उद्धार करायच्या. वीस वर्षं हा कार्यक्रम नेमानं चालला होता. मग एका सकाळी गायरानावर पाटी उभी राहिली, की इथं सूर्याची वीज तयार होणार. कुणी विचारलं नाही, कुणी सांगितलं नाही. मोजणीची माणसं दुर्बीण घेऊन आली, त्या दिवशी दुर्बिणीच्या पुढ्यात या दोघी मांडीला मांडी लावून बसल्या. बानूबाई म्हणाली, “तुझं-माझं मागून बघू.”

आणि तिथंच, उन्हात बसल्या बसल्या, सगुणाबाईनं गायरानाचं पहिलं गाणं बांधलं:

नकाशा तुझा कागदाचा, रान माझ्या घामाचं,
सगुणा म्हणे पुसून दाव नाव माझ्या कामाचं.

दोन दिवसांत ते गाणं पंचवीस गावांच्या मोबाइलमध्ये गेलं. देवगाव फाट्यावर रस्ता अडवला तेव्हा चार-पाचशे बाया एका सुरात म्हणत होत्या. फौजदार घाम पुसत उभा. त्यानंतर आणखी तीन गाणी झाली आणि गुन्हेही तीन झाले. सरकारी कामात अडथळा, बेकायदा जमाव, लोकांत तेढ. तेढ बघा! वीस वर्षं भांडणाऱ्या दोन वस्त्या एका सतरंजीवर आणल्या, त्याला सरकारी भाषेत तेढ म्हणतात.

पुढं हुकूम आला आणि सगुणाबाई मंठ्याला गेली. मंठा जालना जिल्ह्यात. तिथं तिची धाकटी बहीण मालनबाई माडीवरच्या एका खोलीत राहते. मंठ्याहून पांढरखेडी एसटीनं पाऊण तास, पण सगुणाबाईला ती दोन वर्षं लांब. महिन्याच्या महिन्याला ठाण्यात जाऊन मी इथंच आहे म्हणून सही द्यायची. घरी काम नाही, रानात काम नाही, बोलायला बहीण आणि बहिणीच्या शिळ्या तक्रारी. पहिल्या आठवड्यात तिनं हुकमाचे कागद नीट उघडले. मागं पुरवणी जोडली होती, ‘प्रक्षोभक गीते’ म्हणून. एक ते सात.

सात? तिनं बोटं मोजली. तिची गाणी चार. चाराचं सात कसं झालं?

पाचवं वाचलं. तिचं नव्हतं, पण बरं होतं. सहावं वाचलं. ओढूनताणून होतं, तरी खपलं असतं. सातवं वाचलं आणि तिचं डोकंच फिरलं:

सोलरवाल्या सोलरवाल्या, तुझ्या प्लेटा काळ्या काळ्या,
आमच्या शेळ्यांनी कुठं चरावं, तुझ्या घरच्या गॅलरीत का काय,
सगुणा म्हणे विचार कर लवकर.

“का काय?” ती ओरडली. मालनबाई चुलीपुढून धावत आली. “अगं, गाण्यात ‘का काय’ कुणी घालतं व्हय? अन् ‘लवकर’! कशाला जुळलं ते ‘लवकर’? काळ्याला, का गॅलरीला? बाप माझा वर बसून कपाळ बडवीत असंल! चाळीस वर्षं मी ओळीत काडी ठिवली न्हाई, अन् हे असलं माझ्या नावावर? सरकारच्या दप्तरात? कायमचं?”

मालनबाई म्हणाली, “आक्का, तुला तडीपार केलंय. ते राहिलं बाजूला अन् तू गाण्यावर काय बसलीस?”

“तडीपारी दोन वर्षांनी सुटंल. हे सुटतंय का?”

झालं होतं असं. सगुणाबाईची गाणी बायांच्या तोंडी इतकी बसली होती, की शेवटी ‘सगुणा म्हणे’ आल्याशिवाय गाणं पुरं झालं असं कुणाला वाटेनाच. देवाच्या आरतीला शेवटी टाळी वाजवावी तसं. ज्या बाईनं ही तीन गाणी बांधली तिनं ना कपट केलं ना लपवाछपवी. गाणं झालं की सगुणा म्हणे म्हणायचं, एवढंच तिला माहीत.

आणि ती बाई कोण, हे सगुणाबाईला सातवं गाणं दुसऱ्यांदा वाचतानाच कळलं. सोलरवाल्या सोलरवाल्या, काळ्या काळ्या. ही चाल बडबडगीताची. हात हलवत म्हणायची. अंगणवाडीत पोरं गोल बसवून जी बाई रोज म्हणते तिची. बानूबाईची सून, दैवशाला.

दैवशाला अंगणवाडीत मदतनीस. नवरा ट्रॅक्टरखाली गेला, पदरात दोन लेकरं, सासू मेंढरांमागं. मदतनिसाच्या कामावर घर चाललेलं. सरकारच्या विरोधात गाणी बांधते असा कागद कुणाच्या टेबलावर गेला असता, तर दुसऱ्या दिवशी ती अंगणवाडीच्या बाहेर. सगुणाबाईला हे सगळं कळत होतं. कळत होतं म्हणून राग कमी झाला असं मात्र नाही. तिनं मनातल्या मनात दैवशालाला महिनाभर शिव्या घातल्या.

चौथ्या महिन्यात भगवानरावाला लकवा मारला. उजवी बाजू गेली, ढोलकीचा हात गेला. जाऊबाई पार्वतीबाईनं फोन केला. सगुणाबाईनं गावी जायच्या परवानगीचा अर्ज दिला. आता नवरा खाटेवर पडलाय म्हटल्यावर किती वेळ लागावा? नऊ दिवस लागले. नऊ दिवसांनी दोन दिवसांची परवानगी मिळाली. त्यातला एक दिवस त्यानं तिला ओळखून रडण्यात गेला. दुसऱ्या दिवशी तिनं त्याला न्हाऊ घातलं, नखं काढली, भात मऊ करून भरवला. तिसऱ्या दिवशी सकाळी भांडी घासून व्हायच्या आत जमादार दारात. राख लागल्या हातानं तिला गाडीत बसावं लागलं. माणुसकी म्हणून काही असते की नाही रे, असं तिनं त्याला वाटेत विचारलं.

पप्पू लांब शहरात कामाला, सुट्टी मिळेल तेव्हाच येणारा. नवऱ्याला मंठ्याला आणावं, तर मालनबाईची खोली माडीवर, जिना अरुंद. शिवाय भगवानरावच तयार नव्हता. दोघंही गेली, घराला कुलूप लागलं, की गायरानावरचा यांचा ताबा उठला असं लिहायला सोलरवाले मोकळे. म्हणून तो खाटेवर पडून घर राखत होता आणि ती पाऊण तासावर सह्या देत होती. रोज संध्याकाळी पार्वतीबाई त्याच्या कानाला फोन लावायची. त्याची जीभ जड झालेली. तो एवढंच म्हणायचा, “ये गं. लय झालं.”

अपिलाची तारीख पुढं पुढं ढकलत दहाव्या महिन्यात लागली. आदल्या दिवशी सेलूचे रामकिशन वकील मंठ्याला आले. भला माणूस, गरिबांची कामं करणारा. त्यानं सरळ सांगितलं, “काकू, पहिल्या चार गाण्यांत काहीच दम न्हाई.”

“काय?”

“म्हंजी कायद्याच्या दृष्टीनं. त्यात कुणाला धमकी न्हाई. हुकूम उभा हाय तो शेवटच्या तीन गाण्यांवर. विशेष करून सातव्यावर. कंपनीवाल्याच्या घरात शेळ्या घुसवायची चिथावणी हाय म्हणायलेत. ते तीन तुमचे न्हाईत हे मला दिसायलंय. तसं लिहून द्या, हुकूम गळून पडतो. आठवड्यात तुमी घरी.”

घरी हा शब्द ऐकून सगुणाबाईच्या डोळ्यांपुढं भगवानरावाची वाढलेली नखं आली. ती म्हणाली, “लिहा. न्हाईतच माझे.”

“नुसतं न्हाई म्हणून भागायचं न्हाई. मंग कुणाचे, ते विचारतील. नाव द्यावं लागंल.” त्यानं टाइप केलेला कागद पुढं ठेवला. नावाची जागा कोरी होती.

सगुणाबाईनं कागद पिशवीत घातला. देईन म्हणाली नाही, नाही म्हणाली नाही. पण खरं सांगायचं तर तिनं बरंचसं ठरवलं होतं. अंगणवाडीचं काम गेलं तर दुसरं मिळेल. लकव्याच्या माणसाला दुसरं आयुष्य मिळत नाही. आणि हे झेंगट तिच्या गळ्यात घातलं कुणी? दैवशालानंच ना!

दुसऱ्या दिवशी मोठ्या ऑफिसात साहेबांपुढं उभी राहिली तेव्हा पेन तिच्या हातात होतं. साहेब तरुण होता, गोड बोलणारा. त्यानं तिला बसायला खुर्ची दिली. दहा महिन्यांत कुणा सरकारी माणसानं तिला ‘बसा’ म्हटलेलं हे पहिल्यांदाच. तो म्हणाला, “बाई, तुमची गाणी वाचली मी. नकाशाचं तर फार छान आहे. तुम्ही खऱ्या कवयित्री आहात.”

कुणाला बरं वाटणार नाही? सगुणाबाईनं पदर सावरला.

“म्हणूनच मला प्रश्न पडला,” साहेब पुढं म्हणाला. “हे सातवं तुमचं असूच शकत नाही.” आणि त्यानं ते मोठ्यानं वाचायला घेतलं. गॅलरीपाशी आला तसा बाजूचा कारकून फिस्सकन हसला. ‘का काय’ला टायपिस्ट बाई तोंडाला रुमाल लावून हसली. ‘विचार कर लवकर’ला साहेबही हसला. “हे असलं फडतूस कुणा अडाणी बाईनं तुमच्या नावावर खपवलंय. तिच्यापायी तुम्ही का भोगायचं? नाव सांगा, विषय संपवू.”

सगुणाबाई त्या तिघांच्या तोंडांकडं बघत राहिली. फडतूस! ती स्वतः दहा महिने हेच म्हणत होती. पण तिनं म्हणणं वेगळं आणि यांनी म्हणणं वेगळं. शेळ्यांना चारा कुठं, हा प्रश्न आहे त्यात. खरा प्रश्न आहे. दोन लेकरांच्या आईनं, जिला ओळ जुळवता येत नाही, तिनं जसा सुचला तसा विचारलाय. आणि हे, ज्यांच्यापाशी त्याचं उत्तर असायला हवं, ते बसून हसतायत.

“साहेब, हसायलात कामून?”

“नाही, म्हणजे...”

“न्हाई, सांगा ना. हसण्याजोगं हाय ना गाणं? पोराटकी हाय ना? मंग त्याच्यासाठी मला दोन वर्षं कशाची? माझा नवरा तिकडं लोळागोळा होऊन पडलाय, त्याच्या तोंडात घास घालायला मला नऊ दिवस अर्ज घेऊन फिरिवलं, ते ह्या हसायच्या गाण्यापायी? एक तर घाबरा, न्हाईतर हसा. दोन्ही कसं करायलात तुमी?”

रामकिशन वकील तिच्या पदराला हात लावून “काकू, काकू” करत होता.

“अन् त्या गाण्याचा जबाब द्या आधी. शेळ्या कुठं न्यायच्या? द्या. तुमाला येत असंल तर मी सगळ्यांची नावं सांगते.”

साहेबाचा चेहरा आता गोड राहिला नव्हता. “बाई, एकच विचारतो. हे सातवं गाणं कुणाचं?”

चार चांगल्या गाण्यांची अब्रू, बापाचा नियम, चाळीस वर्षं लंगडू न दिलेल्या ओळी, आणि खाटेवरचा माणूस. सगळं सगुणाबाईपुढं एकदम उभं राहिलं.

“माझंच,” ती म्हणाली. “सातीच्या साती माझे. ते ‘का काय’ सुद्धा. लिहून घ्या.”

अपील फेटाळलं. उरलेले चौदा महिने कायम राहिले. रामकिशन वकील एसटीत शेजारी बसून डोळे पुसत होता, तर तिनं त्यालाच झापलं, की गडीमाणूस होऊन रडायलास काय, वरच्या कोर्टाचे कागद तयार कर.

संध्याकाळी तिनंच फोन केला. पार्वतीबाईनं तो भगवानरावाच्या कानाला लावला. सगुणाबाईनं सगळं सांगितलं, काही न लपवता. नाव सांगितलं असतं तर आले असते, हेही सांगितलं. मग जड जिभेनं त्यानं विचारलं, “ते... गॅलरीवालं बी... तुझंच म्हणलीस?”

“व्हय.”

पुढं जो आवाज आला तो तिला कळेना. तिनं पार्वतीबाईला विचारलं, काय करायलेत गं ते? पार्वतीबाई म्हणाली, “काय सांगू जाऊबाई, अर्धं तोंड हलत न्हाई त्यांचं. हसायलेत का रडायलेत, मला बी कळंना.”

आठवड्यानं दैवशाला मंठ्याला आली. शेळीचं दूध, तुरीची डाळ, आणि उंबऱ्यात पाऊल टाकताच हुंदके. सगुणाबाईच्या पायावर डोकं ठेवून म्हणाली, “काकू, माझ्यामुळं झालं सगळं. मी उद्या ठाण्यात जाते, सांगते माझे हायत म्हणून. जाऊ दे अंगणवाडी गेली तर. तुमी काकाकडं जा.”

“ऊठ आधी,” सगुणाबाई गरजली. “ठाण्यात जाती म्हणं! मी तिकडं सगळ्यांदेखत ते बोडक्याचं गाणं माझं म्हणून आले, ते काय तू असं मातीत घालायला? एवढी लाज मी फुकट सोडली का? बस इथं. डोळे पूस. अन् म्हण ते गाणं.”

दैवशाला घाबरत घाबरत म्हणायला लागली. दुसऱ्या ओळीला सगुणाबाईनं तिचा हात धरला आणि मांडीवर आपटून दाखवला. “इथं. इथं बघ कशी सांडायलीय. मोज बोटानं. प्लेटा काळ्या म्हणलीस तर पुढं त्याला जोडीदार पाहिजे का न्हाई? तुझ्या शेळ्या काय गॅलरीत बांधून ठिवल्यास, त्यांनाच आण की शेवटाला.”

तासभर दोघी बसल्या. मालनबाईनं दोनदा चहा केला. दैवशालानं चुकत, पुसत, पुन्हा म्हणत शेवटी ओळ धरली:

सोलरवाल्या, प्लेटा तुझ्या काळ्या आणि निळ्या,
कुठं नेऊ चारायाला, सांग माझ्या शेळ्या?

सगुणाबाईनं डोळे मिटून ते दोनदा ऐकलं. “हां,” ती म्हणाली. “आता चालायलं स्वतःच्या पायानं.”

दैवशालाच्या तोंडावर दिवसभरात पहिल्यांदा उजेड आला. मग तो मावळला. खाली बघत तिनं विचारलं, “अन् शेवटी नाव कुणाचं घालू काकू?”

“माझंच घाल. आणखी चौदा महिने माझंच. त्या नावाला जी द्यायची ती शिक्षा देऊन बसलेत ते, त्याच्यावर आता काय देणारेत? बांध किती बांधायचीत ती. पण दैवशाला, एक ओळ जरी लंगडी आली ना, तर मी हुकूम मोडून गावात येईन आणि तुला हाणीन.”